इब्री : पाळीच्या पाण्याचं गाव

ओमान म्हटलं की आपल्याला मस्कत आठवतं, आणि मस्कत म्हटलं की हलवा. फार तर मस्कती डाळिंब. सुट्टीवर भारतात जाता-येता मस्कतच्या विमानतळावर तीन-चार तास काढलेले पुष्कळ जण मंडळात भेटतात, पण मी इब्रीचं नाव काढलं की "हे कुठं आलं बुवा?" हा प्रश्न ठरलेला. म्हणून आधी थोडा भूगोल.

ओमानच्या उत्तर भागात हजर नावाची डोंगररांग समुद्राला समांतर धावते. समुद्र आणि डोंगर यांच्यामधली पट्टी म्हणजे बातिना, आणि डोंगर ओलांडून पलीकडे गेलं की दाहिरा. बातिना या नावात पोटाचा अर्थ आहे आणि दाहिरामध्ये पाठीचा. म्हणजे डोंगराचं पोट आणि डोंगराची पाठ. आपल्या माणसाला हे समजावून सांगायला लागत नाही. मधे सह्याद्री, अलीकडे कोकण आणि पलीकडे देश, तसंच हे. फरक एवढाच की देशावर निदान जून उजाडला की आभाळाकडे बघत बसायची सोय असते. दाहिरात तीही नाही. आला तर हिवाळ्यात एखादा पाऊस, नाहीतर नाही. उन्हाळ्यात पारा पन्नाशीच्या आसपास रेंगाळतो.

या दाहिराचं मुख्य गाव म्हणजे इब्री. मस्कतहून निझवा, बहला करत साधारण तीनशे किलोमीटर. गावाबाहेर मैलोगणिक सपाट, दगडगोट्यांचं माळरान. तिथंच आता ५०० मेगावॉटचा सौरऊर्जा प्रकल्प पसरलेला आहे. जानेवारी २०२२ मध्ये त्याचं उद्घाटन झालं. डिसेंबर २०२१ पासून रब-अल-खालीच्या वाळवंटातून थेट सौदी अरेबियात जाणारा रस्ताही इथूनच सुरू झाला. त्यामुळे इब्रीतून जाणारे पुष्कळ. थांबणारे कमी. मी कामानिमित्त दोन वर्षं थांबलो, आणि सांगण्यासारखं जे काही आहे ते त्या माळरानावरचं नाही, त्याच्या कडेला असलेल्या खजुराच्या बागांमधलं आहे.

पाऊस नाही, नदी म्हणजे वर्षातून दोनदा वाहणारा कोरडा ओढा (त्याला इथं वादी म्हणतात), आणि तरी शेकडो वर्षांच्या हिरव्यागार बागा. हे कसं? याचं उत्तर म्हणजे फलज. अनेकवचन अफलाज. डोंगराच्या पायथ्याशी, जिथं जमिनीखाली पाणी साठलेलं असतं, तिथं एक खोल विहीर खणायची. तिला 'उम्म-अल-फलज' म्हणतात, म्हणजे फलजची आई. त्या आईविहिरीपासून गावाच्या दिशेनं जमिनीखालून एक बोगदा काढायचा, अगदी नाममात्र उताराचा. जमीन जास्त उतरते, बोगदा कमी उतरतो, त्यामुळे काही किलोमीटरनंतर पाणी आपोआप जमिनीवर येतं. ना मोट, ना रहाट, ना पंप. मधे मधे हवेसाठी आणि साफसफाईसाठी उभी भोकं ठेवलेली. या प्रकाराला दाऊदी फलज म्हणतात. वादीच्या तळातून वाहणारं पाणी वळवलं तर तो घैली, आणि झऱ्याचं पाणी असेल तर ऐनी. दंतकथा अशी की दाऊदचा मुलगा सुलेमान उडत्या आसनावरून इथं आला, लोकांची तहान बघून त्यानं आपल्या जिन्नांना हुकूम केला आणि दहा दिवसांत दहा हजार फलज खणून झाले. आपल्याकडे अशी अवघड कामं पांडवांच्या नावावर जातात.

इंजिनिअर म्हणून मला सर्वांत गंमत वाटली ती फलज वादी कसा ओलांडतो याची. मधे ओढा आला की पाणी एका काठावरच्या उभ्या हौदातून खाली सोडतात, ओढ्याच्या तळाखालून नेतात आणि दुसऱ्या काठाला वर काढतात. उलटा सायफन! आम्हाला कॉलेजात हा पाठ फळ्यावर शिकवला होता. इथं तो लिहिता-वाचता न येणाऱ्या माणसांनी दगड आणि चुन्यात बांधून ठेवलेला आहे. बोगदे खणण्यात अवामिर टोळीची माणसं पिढ्यान् पिढ्या वाकबगार मानली जात.

आपल्याला हे अगदीच परकं नाही बरं का. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला मलिक अंबरनं खडकी गावात, म्हणजे पुढचं औरंगाबाद आणि आताचं छत्रपती संभाजीनगर, जी नहर-ए-अंबरी आणली ती याच कुळातली. पाणचक्की पाहायला गेलेल्या प्रत्येकानं अशाच एका नहरीचं पाणी वरून कोसळताना पाहिलेलं असतं. बऱ्हाणपूरचा १६१५ सालचा कुंडी भंडाराही त्याच घराण्यातला. पण आपल्याकडे त्या नहरी राजानं बांधल्या, आणि राज्य गेलं तशा हळूहळू बुजल्या. इब्रीचा फलज गावानं बांधला आणि गावानं राखला. ओमानात आजही सुमारे तीन हजार अफलाज वाहते आहेत. त्यांतल्या पाच अफलाजना युनेस्कोनं २००६ साली जागतिक वारशाच्या यादीत घातलं.

पाणी जमिनीवर आलं की त्याचा प्रवास ठरलेला असतो. अगदी पहिल्या उघड्या जागी फक्त पिण्याचं पाणी भरायचं. तिथं कुणी हातसुद्धा धुवायचा नाही. त्यापुढे मशीद, वजूसाठी. त्यापुढे पुरुषांची अंघोळीची जागा, मग बायकांची, भिंतींचा आडोसा केलेली. मग कपडे आणि भांडी. मग बागा. बागांतही आधी खजूर, कारण खजुराचं झाड मेलं तर दोन पिढ्यांचं नुकसान. आणि अगदी शेवटी गहू, कांदा, जनावरांसाठी लसूणघास असली हंगामी शेतं. पाणी कमी झालं की शेवटची शेतं त्या वर्षी पडीक ठेवायची. खजूर जगतो. टंचाई गृहीत धरूनच सगळी मांडणी केलेली आहे. पाटात बोटभर लांबीचे मासे असतात, ते डासांची अंडी खातात. पाय सोडून बसलं तर पायांनाही टोचतात. शहरातल्या पार्लरमध्ये लोक याचे पैसे मोजतात म्हणे!

पण खरी गोष्ट पुढेच आहे. फलजचं पाणी वाटतात ते लिटरवर नाही, वेळेवर. एका वाट्याला 'अथर' म्हणतात. एक अथर म्हणजे ढोबळमानानं अर्धा तास, आणि चोवीस अथरांचा एक 'बद्दा', म्हणजे बारा तास. प्रत्येक कुटुंबाचे अथर ठरलेले. ते वारशानं येतात, मुलीलाही मिळतात, विकता येतात, भाड्यानं देता येतात. काही अथर मशिदीच्या नावावर असतात, काही फलजच्याच नावावर. त्यांचा लिलाव होतो आणि त्या पैशातून दुरुस्ती होते. लिलाव पुकारणारा तो 'दलाल', हिशेबाची वही ती 'दफ्तर', आणि सगळ्या कारभाराचा प्रमुख तो 'वकील'. पहिल्यांदा "आमचा वकील आज पाटात उतरून गाळ काढतोय" असं ऐकलं तेव्हा मी दोन मिनिटं गप्पच झालो.

घड्याळं नव्हती तेव्हा वेळ कशी मोजत? दिवसा मोकळ्या जागेत एक काठी उभी करून जमिनीवर आखलेल्या रेघांवर तिची सावली बघायची. रात्री तारे. अमुक तारा समोरच्या डोंगराच्या माथ्यावर आला की अमक्याची पाळी संपली, तमक्याची सुरू. आता मनगटी घड्याळं आली, काही वर्षांपासून मोबाइलही आले.

माझ्याबरोबर काम करणाऱ्या एका ओमानी सुपरवायझरच्या वडिलांची बाग इब्रीजवळच होती. वय सत्तरीच्या पुढे, कमरेला पट्टा, डोक्याला गुंडाळलेलं मुसर, हातात बारीक काठी. सगळे त्यांना 'वालिद' म्हणत, म्हणजे बाबा. मीही तेच म्हणू लागलो. त्यांची पाळी आली की मी सुट्टीच्या दिवशी सोबत जाई. पाळीच्या आधी पाच-दहा मिनिटं ते पाटाशी येऊन बसत. शेजारच्या बागेचा मालक आधीच तिथं असे. दोघांचा सलाम, घरच्यांची चौकशी, बकरीची चौकशी. मग ठरल्या क्षणी शेजारी आपल्या तोंडाचा दगड आणि चिंध्यांचा बोळा काढून स्वतःचा पाट बंद करी आणि वालिद आपला उघडत. कुणी मोठ्यानं बोललेलं मी कधी ऐकलं नाही. भांडणं होतच नसतील असं नाही. होतात, आणि पूर्वी त्यातून बंदुकाही निघत. पण वाद वेळेवरून होतो, पाण्यावरून नाही. पाणी निम्मं झालं तर सगळ्यांचंच निम्मं होतं. कुणालाही कापावं लागत नाही आणि कुणाला वाचवताही येत नाही.

मी त्यांना आमच्याकडच्या धुळ्याच्या फड पद्धतीबद्दल सांगितलं. पांझरेवर बंधारा, त्यातून पाट, सगळ्या गावानं मिळून एका फडात एक पीक घ्यायचं आणि पाणी सोडायला पाटकरी. वालिदनी सगळं नीट ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला, "रात्रीची पाळी कोण घेतं?" याला शेतकरी म्हणतात.

आता रोजचा दिवस. पहाटेची नमाज झाली की सगळं गाव जागं. सकाळी लवकर बाजारात लिलाव. खजूर, चारा, आणि ठरलेल्या दिवशी शेळ्या-मेंढ्या. विक्रेते दोरी धरून जनावरं रिंगणात फिरवतात, गिऱ्हाईक कडेला बसून त्यांचे दात आणि पाठ चाचपतं. ऊन चढायच्या आत व्यवहार आटोपतात. मग कहवा आणि खजूर. बिनदुधाचा, बिनसाखरेचा, वेलदोडा घातलेला कडू कहवा, वाटीसारख्या बिनकानाच्या कपात दोन घोटच. कप रिकामा झाला की पुन्हा भरतात. पुरे असेल तर कप हातात डावी-उजवीकडे हलवायचा. आपण ताटावर हात आडवा धरतो तसं. हे माहीत नसलेला आमचा एक पंजाबी सहकारी पहिल्या दिवशी नऊ कप प्यायला आणि रात्रभर जागा राहिला.

दुपारी दोन-तीन तास गाव झोपतं. संध्याकाळी पुरुष 'सबला'त जमतात. सबला म्हणजे आपली चावडी म्हणा. लग्न, मयत, पाण्याचे तंटे, नव्या पंपासाठी वर्गणी, सगळं तिथं. बायकांचं जग वेगळं, आणि ते मी पाहिलेलं नाही. माझ्या बायकोनं पाहिलं. तिच्या सांगण्याप्रमाणे तिथं हसणं जास्त, धुपाचा लोबान जास्त आणि प्रश्न थेट. "तुला दोनच मुलं का?" हा पहिला. मेंदी आणि हलवा लगोलग. आणि मग खजुरीच्या पात्यांच्या टोपल्या विणता विणता बागेच्या हिशेबाच्या गोष्टी, कारण वालिदच्या घरचे काही अथर त्यांच्या पत्नीच्या माहेरून आलेले होते, आणि ते कुणाला भाड्यानं द्यायचे हे त्याच ठरवत. बायकांना काही अधिकार नसतात असं आपण ऐकत आलेलो असतो. पुष्कळ बाबतींत ते खरंही असेल, पण पाण्याच्या वहीत बाईचं नाव मी पाहिलं आहे. आपल्याकडच्या सातबाऱ्यावर ते यायला किती वर्षं लागली हे ज्यानं त्यानं आठवावं.

खजुराचं वर्ष थंडी सरताना सुरू होतं. नराचा मोहोर मादीच्या मोहोरात हातानं बांधावा लागतो. वाऱ्यावर विसंबत नाहीत. दोराचा फास कमरेभोवती आणि खोडाभोवती टाकून माणूस सरसर वर जातो, आपल्याकडे माडावर चढतात तसाच. उन्हाळ्यात अर्धपिकला रसाळ 'रुतब' येतो तेव्हा घराघरांत परड्या फिरतात. खलास, खुनैझी, फर्द, नघाल, जाती कितीतरी. शेजाऱ्यानं पाठवलेली परडी रिकामी परत करायची नाही, हा नियम आपल्याकडच्यासारखाच.

याच खजुराची एक गोष्ट आपल्या घरात शिरलेली आहे. ओमानात 'मबसली' नावाची एक जात आहे. तिचा पिवळा झालेला पण न पिकलेला खजूर मोठ्या कढयांत पाण्यात उकळतात आणि मग उघड्यावर उन्हात वाळवतात. या कामाला तबसील म्हणतात. ते मुख्यतः पूर्वेकडच्या शर्किया भागात चालतं. आणि हा कडक वाळलेला माल पिढ्यान् पिढ्या जातो कुठं? भारतात. म्हणजे आपली खारीक! ओटीत हळकुंड-सुपारीबरोबर घालतो ती, बाळंतिणीच्या डिंकाच्या लाडवात कुटून घालतो ती. माझ्या बायकोनं देव्हाऱ्याजवळच्या डब्यातली खारीक वालिदच्या घरी दाखवायला नेली. तिथल्या आजीबाईंनी ती दाताखाली धरून पाहिली, आणि सगळ्याजणी हसत सुटल्या. आम्ही मऊ ते पाहुण्याला देतो आणि दगड झालेला तुम्हाला विकतो, तुम्ही तो देवापुढे ठेवता!

नाती अशी जुनी आहेत. १९७० पर्यंत ओमानात रुपया चालत होता; रिझर्व्ह बँकेनं आखातासाठी १९५९ मध्ये वेगळा काढलेला. आतल्या भागात त्याच्या जोडीला ऑस्ट्रियाच्या राणीचे, मारिया तेरेसाचे, चांदीचे डॉलर. आज रियालचे हजार भाग होतात, त्या प्रत्येकाला 'बैसा' म्हणतात, म्हणजे आपला पैसाच. 'सीदा' म्हणजे सरळ, 'बंका' म्हणजे पंखा, आणि बटाट्याला तेही बताताच म्हणतात, कारण पोर्तुगीज दोघांच्याही दारात येऊन बसले होते. मस्कतमधून ते १६५० साली गेले. आपल्याकडून निघायला त्यांना जरा जास्तच वेळ लागला.

ईदला 'शुवा' करतात. मसाला चोळलेलं मटण पानांत गुंडाळून, पोत्यात बांधून, जमिनीतल्या निखाऱ्यांच्या खड्ड्यात पुरायचं आणि एक-दोन दिवसांनी उकरायचं. खड्डा बहुधा अनेक घरांचा मिळून एकच, म्हणून प्रत्येक पोत्याला खूण. शाकाहारी वाचकांनी हे वाक्य ओलांडून पुढे जावं.

इब्रीला लागून सुलैफ नावाचं जुनं मातीचं गाव आहे. तटबंदी, अरुंद बोळ, पडक्या माड्या. आज तिथं कुणी राहत नाही. पर्यटक फोटो काढतात आणि "काय शांत जीवन असेल!" म्हणतात. वालिद त्या काळात लहानाचे मोठे झालेले. १९५४ पर्यंत इब्री इमामाच्या अमलाखाली होतं, त्या वर्षी मस्कतच्या सुलतानाच्या फौजेनं ते घेतलं. १९७० साली सुलतान काबूस गादीवर आले तेव्हा सगळ्या देशात शाळा होत्या तीन. वालिद म्हणतात, उन्हाळ्यात आम्ही गच्चीवर ओली चादर अंगावर घेऊन झोपत असू आणि ती वाळली की जाग येई. त्यांची दोन भावंडं लहानपणीच गेली, कशानं ते कुणालाच कळलं नाही. आता घरात एसी आहे, वीस मिनिटांवर इस्पितळ आहे. "जुनं बरं होतं का?" असं मी एकदा विचारलं तेव्हा त्यांनी माझ्याकडे जरा दयेनं पाहिलं.

इब्रीहून अर्ध्या तासाच्या अंतरावर बात आणि थोडं पुढे अल-ऐन इथं दगडांच्या गोल कबरी आहेत, पाच हजार वर्षांच्या आसपासच्या, मोहेंजोदारोच्या काळातल्या. १९८८ पासून त्या जागतिक वारशात आहेत. अल-ऐनला एका टेकाडावर एकवीस कबरी ओळीनं, आणि मागे जबल मिश्त, म्हणजे फणीचा डोंगर. संध्याकाळी जरूर बघा. तिथंही खाली खजुराची बाग आणि पाट आहेच.

आता काळजीची गोष्ट. पंप आले, विंधनविहिरी आल्या. ज्याची विहीर त्याचं पाणी, पाळी नाही, वही नाही, वकील नाही. भूजल खाली जातं आणि आईविहीर आटते. ओमाननं १९८८ साली पाणी ही राष्ट्रीय संपत्ती म्हणून जाहीर केली, आईविहिरीच्या ठराविक परिसरात नव्या विहिरीला मनाई आहे. तरी इब्रीच्या आसपास कोरडे पाट मी पाहिले. पाट कोरडा पडला की नुसती बाग जात नाही. पहाटे पाळीच्या दगडापाशी दोन शेजाऱ्यांना बसायला कारणच उरत नाही.

दुसरी अडचण माणसांची. वालिदचा एक मुलगा आमच्याबरोबर, एक तेलाच्या कंपनीत, एक मस्कतला सरकारी कचेरीत. रात्री तीनच्या पाळीला कोण उठणार? उठतो तो बांगलादेशचा एक कामगार, अकरा वर्षं या बागेत असलेला. झाडावर चढतो तो, मोहोर बांधतो तो, पाट फोडतो तो. दफ्तरातल्या कुठल्या घराचे किती अथर आणि कोणत्या दिवशी, हे त्याला तोंडपाठ आहे. घरच्या मुलांना विचारलं तर ते त्यालाच फोन लावतात. वालिदनी त्याला तारेसुद्धा शिकवले. त्याच्या स्वतःच्या नावावर मात्र अर्धा अथरही नाही, आणि कधी असणारही नाही. व्हिसा संपला की तो जाईल. आपण सगळे परदेशात राहणारी माणसं, त्यामुळे हे वाचताना कुणाला काय आठवेल ते मी सांगायला नको. मी त्याला एकदा विचारलं, इतकं सगळं लक्षात कशाला ठेवतोस? तो म्हणाला, नाही ठेवलं तर शेजाऱ्याचं पाणी जाईल.

एप्रिल २०२४ मध्ये ओमानात मोठा पाऊस झाला, काही ठिकाणी जीवघेणे पूर आले. तेव्हा मी इब्री सोडून बरेच महिने झाले होते. काळजीनं सुपरवायझरला फोन केला. घरची सगळी सुखरूप होती. दुसऱ्या दिवशी त्यानं मोबाइलवर एक छोटी चित्रफीत पाठवली. अंधार, विजेरीचा उजेड, काठोकाठ भरलेला पाट, आणि पाण्यात गुडघाभर उभा राहून दगड सरकवणारा तो बांगलादेशी गडी. मागून वालिदचा आवाज येतो. ते किती वाजले ते विचारताहेत.